ग्लोव्ह बॉक्सचं झाकण बंद राहत नाहीये? अख्खं लॉक बदलायच्या आधी हे करून बघा

मागच्या मे महिन्यात वाईला जाताना एका स्पीडब्रेकरला आमच्या गाडीचा ग्लोव्ह बॉक्स धाडकन उघडला आणि झाकण आईच्या गुडघ्यावर आदळलं. आधी दोन-तीन महिने ते अधूनमधून उघडत होतं, हाताने दाबून बंद केलं की चालायचं, म्हणून मी लक्ष दिलं नव्हतं. गॅरेजमध्ये दाखवलं तर म्हणाले पूर्ण बॉक्सच बदलावा लागेल, लॉक वेगळं मिळत नाही. मला ते काही पटलं नाही, रविवारी सकाळी गाडी सावलीत लावली, बॉक्स उतरवला, आणि बघतो तर लॉक ठणठणीत होतं, ते लॉक ज्यात अडकतं ना तो वरचा खुंटा हलत होता कारण त्याच्या स्क्रूचा प्लास्टिकचा खांब चिरला होता. पन्नास-साठ रुपयांच्या एपॉक्सी गोंदात काम झालं. त्यानंतर भावाच्या, शेजाऱ्यांच्या आणि मित्राच्या अशा अजून तीन गाड्यांचे बॉक्स दुरुस्त केले आणि तिन्हीत बिघाड वेगवेगळा निघाला. म्हणून सगळं नीट लिहून काढतोय.

आधी एक सांगतो, हे काम पुढे ढकलू नका. अचानक ब्रेक लागला तर उघडं झाकण पुढच्या माणसाच्या बरोबर गुडघ्यासमोर असतं. आणि दुसरं नुकसान बॅटरीचं. ज्या गाड्यांत बॉक्सच्या आत बल्ब असतो आणि तो चावी काढल्यावरही लागतो, त्यात झाकण अर्धवट उघडं राहिलं की बल्ब रात्रभर चालू. 5 वॉटचा बल्ब 12 व्होल्टवर साधारण 0.4 अँपिअर खातो, म्हणजे 24 तासांत 10 अँपिअर-अवर, आणि छोट्या गाडीची बॅटरी असते 35 ची. दोन-तीन दिवस गाडी उभी राहिली की सेल्फ मारायचा नाही, आणि आपण बॅटरीवाल्याला दोष देत बसतो.

आधी बिघाड कुठे आहे ते शोधा

सगळ्यात जास्त चूक इथेच होते. झाकण बंद राहत नाही म्हणजे लॉक गेलं असं धरून लोक थेट लॉक मागायला जातात. पण बंद राहायला तीन गोष्टी जुळाव्या लागतात. झाकणावरचा आकडा, म्हणजे हँडल ओढलं की आत सरकतो तो, मग डॅशबोर्डच्या बाजूचा खुंटा किंवा खाच ज्यात तो आकडा अडकतो, आणि तिसरं म्हणजे झाकण सरळ त्या जागी येतंय का. यातलं एक जरी 2 मिलिमीटर इकडेतिकडे झालं तरी लक्षण एकच दिसतं.

पहिल्यांदा बॉक्स पूर्ण रिकामा करा आणि रिकामा असताना बंद करून बघा. रिकामा असताना व्यवस्थित बसतोय आणि भरल्यावर उघडतोय तर दोष सामानाचा आहे, जाड फाईल किंवा छत्री आतून झाकणाला ढकलत असते आणि तो ताण सगळा त्या छोट्या आकड्यावर येतो. गाडीच्या कागदपत्रांची जाड फाईल ठेवायची खरं तर गरजच नाही, 2018 पासून डिजीलॉकर आणि एमपरिवहन ॲपमधली कागदपत्रं चालतात.

रिकामा असूनही उघडत असेल तर झाकण उघडं ठेवून आकडा बोटाने आत दाबा आणि सोडा. टचकन बाहेर आला पाहिजे. हळूहळू आला किंवा अर्ध्यातच थांबला तर स्प्रिंग नाहीतर आतली घाण, म्हणजे बिघाड झाकणाच्या बाजूला. टचकन येतोय तर मग वरचा खुंटा बोटाने धरून हलवा, हलता कामा नये, जराही हलला तर चोर सापडला. तो पण घट्ट आहे तर आकड्याच्या टोकाला थोडी टूथपेस्ट लावा, झाकण सावकाश बंद करा, परत उघडा आणि पेस्ट कुठे लागली ते मोबाइलच्या टॉर्चने बघा. खुंट्याच्या मध्यावर न लागता कडेलाच लागली असेल तर आकडा पुरेसा आत जातच नाहीये, म्हणजे झाकण वाकडं बसतंय किंवा खुंटा सरकलाय. ही टूथपेस्टची युक्ती माझी सगळ्यात आवडती आहे, अर्धा तास वाचतो, पण नंतर ओल्या फडक्याने पुसून घ्या नाहीतर वाळून खडूसारखी होते.

काही गाड्यांत मधे हँडल असतं आणि त्याच्या दोन्ही बाजूंनी दोन आडव्या दांड्या निघून डाव्या-उजव्या भोकांत जातात. त्यात झाकणाची एकच बाजू वर उचललेली दिसली तर त्या बाजूची दांडी हँडलच्या खाचेतून निसटलेली असते, बहुतेक वेळा तुटलेली पण नसते, परत बसवली की झालं.

झाकण उघडतच नसेल तर

हँडल ओढलं तरी उघडत नाही, अशा वेळी जोर लावून हँडल तोडू नका. एका हाताने झाकण जोरात आत, म्हणजे डॅशबोर्डकडे दाबून धरा आणि त्याच वेळी दुसऱ्या हाताने हँडल ओढा. आतलं सामान झाकणाला बाहेर ढकलत असतं त्यामुळे आकडा खुंट्यावर करकचून बसतो, दाबलं की तो ताण जातो आणि आकडा सुटतो. दहात सात-आठ वेळा एवढ्यानेच उघडतं.

नाहीच उघडलं तर हँडलची आतली शेपटी तुटलेली असू शकते, म्हणजे तुम्ही ओढताय पण आकड्यापर्यंत काही पोचतच नाहीये. मग झाकणाच्या वरच्या फटीतून जुनं एटीएम कार्ड आकड्याच्या जागी सरकवा आणि आकडा खाली दाबायचा प्रयत्न करा. फटीच्या दोन्ही कडांना आधी मास्किंग टेप लावा, नाहीतर डॅशबोर्डवर ओरखडा पडतो आणि तो काही जात नाही. चावीचं लॉक असेल आणि चावीच फिरत नसेल तर त्यात तेल घालू नका, तेलात धूळ चिकटून अजून जाम होतं, शिसपेन्सिलच्या टोकाची पूड चावीला चोळून दहा-बारा वेळा आत-बाहेर करा.

बॉक्स उतरवायच्या आधी एअरबॅगबद्दल

हा भाग कृपा करून वाचल्याशिवाय पुढे जाऊ नका. आपल्याकडे पुढच्या पॅसेंजरची एअरबॅग नवीन मॉडेल्सना 1 एप्रिल 2021 पासून सक्तीची झाली आणि आधीपासून विकल्या जाणाऱ्या मॉडेल्सना 2021 च्या शेवटापासून. ही एअरबॅग ग्लोव्ह बॉक्सच्या वरच डॅशबोर्डमध्ये असते. नुसता बॉक्स उतरवायचा असेल तर तिला हात लागायचं कारण नाही, पण मागे पिवळ्या रंगाच्या वायरी किंवा पिवळे कनेक्टर दिसले तर ते एअरबॅगचे, ते ओढायचे नाहीत, काढायचे नाहीत, त्यांच्यावर लोंबकळत टॉर्च पण अडकवायची नाही.

मी स्वतः खुंट्यासाठी डॅशबोर्डमध्ये हात घालायची वेळ आली तर 10 नंबरच्या पान्याने बॅटरीची निगेटिव्ह वायर काढतो आणि दहा मिनिटं थांबतो, कारण एअरबॅगच्या युनिटमध्ये थोडा वेळ चार्ज राहतो. तुमच्या गाडीच्या पुस्तकात किती वेळ थांबायचं ते दिलेलं असेल तर तेच पाळा. काही गाड्यांत पॅसेंजरच्या गुडघ्यासाठी पण वेगळी एअरबॅग असते, बॉक्सच्या खाली किंवा झाकणातच, त्या गाडीत हे काम घरी करू नका, सरळ सर्व्हिस सेंटरला न्या.

बॉक्स उतरवणं

सामान फारसं लागत नाही. फुल्लीचा स्क्रू ड्रायव्हर एक लांब आणि एक बुटका, नोज प्लायर, छोटी कानस, टॉर्च, आणि स्क्रू ठेवायला एक वाटी. मोबाइलवर प्रत्येक पायरीला फोटो काढत जा, दोन तासांनी स्प्रिंगचं कुठलं टोक कुठे होतं ते आठवत नाही.

बहुतेक छोट्या गाड्यांत बॉक्सला वर स्क्रू नसतातच. झाकण उघडा, एका बाजूला बारीक दोरी किंवा छोटी दांडी दिसेल, झाकण सावकाश खाली यावं म्हणून ती असते, ती बाजूला सरकवून तिच्या खुंटीतून काढा. मग बॉक्सच्या दोन्ही बाजूच्या भिंती दोन्ही हातांनी आत दाबा, म्हणजे कडेचे अडथळे सुटतात आणि बॉक्स एकदम पूर्ण खाली लोंबतो. आता खालच्या बिजागऱ्या, त्या नुसत्या आकड्यासारख्या अडकवलेल्या असतात, आपल्याकडे सरळ ओढल्या की निघतात. आत बल्ब असेल तर त्याचा छोटा कनेक्टर आधी सोडवा. हिवाळ्यात पहाटे प्लास्टिक कडक असतं तेव्हा भिंती दाबताना चिरू शकतात, थोडं ऊन लागू द्या मग करा.

काही गाड्यांत मात्र वरच्या कडेला आतून तीन-चार आणि खालून दोन-तीन स्क्रू असतात. सगळे स्क्रू सापडल्याशिवाय ओढू नका. एखादी बाजू अडकतेय म्हणजे तिथे एक स्क्रू राहिलाय असं समजा. आणि बॉक्स उतरलाच आहे तर मागे एसीचा केबिन फिल्टर बहुतेक गाड्यांत तिथेच असतो, तो झटकून घ्या, काळा झाला असेल तर बदला.

लॉक उघडताना स्प्रिंग सांभाळा

झाकण दोन थरांचं असतं, बाहेरचा दिसणारा आणि आतला. आतल्या बाजूचे सगळे स्क्रू काढले की दोन्ही थर वेगळे होतात आणि लॉक समोर येतं. काही गाड्यांत लॉक आतून दोन स्क्रूंवरच असतं, तेवढंच निघतं. इथून पुढे सगळं काम एका मोठ्या पारदर्शक पिशवीत हात घालून करा. स्प्रिंग उडते, आणि सीटखाली गेली की शोधण्यात दुपार जाते. मित्राच्या गाडीची स्प्रिंग उडून एसीच्या ब्लोअरच्या फटीत गेली होती, ती काढायला ब्लोअर उतरवावा लागला.

कुठला बिघाड, काय इलाज

स्प्रिंग निसटली असेल तर परत बसवा आणि तिथे थोडं सिलिकॉन ग्रीस लावा. गंज सोडवायचे जे स्प्रे मिळतात ते प्लास्टिकच्या लॉकवर मारू नका, ते वाळतात, धूळ धरतात, आणि काही प्लास्टिकला त्यांनी बारीक तडे जातात. स्क्रू सैल होऊ नये म्हणून जे लाल-निळं थ्रेडलॉकर मिळतं ते तर अजिबात नको, एबीएस प्लास्टिक त्याने हमखास चिरतं. स्प्रिंग हरवली असेल आणि सरळ दाबाची स्प्रिंग असेल तर बॉलपेनची स्प्रिंग मापाने कापून चालते, पण कपड्याच्या चिमट्यासारखी पिळाची स्प्रिंग असेल तर तिथे पेनची चालत नाही, तसलीच आणावी लागते.

हँडल तुटलं असेल तर कुठे तुटलंय ते बघा. हँडल ज्या पिनवर फिरतं ती प्लास्टिकची पिन तुटली असेल तर मला जमलेला उपाय सांगतो. सायकलचा स्पोक. साधा स्पोक 2 मिलिमीटर जाड असतो, स्टीलचा असतो, सायकलच्या दुकानात जुना एखादा असाच देतात. तुटलेल्या पिनची उरलेली बुंधी कानसने सपाट करा, हँडल आणि बॉडी दोन्हीत 2 मिलिमीटरचं भोक आरपार पाडा, स्पोकचा तुकडा घाला, दोन्ही टोकं थोडी वाकवा. शेजाऱ्यांच्या गाडीला हे करून आठ महिने झाले, रोज दोन-चार वेळा उघडतात, हँडल कंपनीच्यापेक्षा घट्ट चालतंय.

चिकटवायचं असेल तर आधी प्लास्टिक कुठलं ते ओळखा. पार्टच्या मागच्या बाजूला दोन बाणांच्या मधे बारीक अक्षरं कोरलेली असतात, तिथे एबीएस, पीपी, पीओएम असं काहीतरी लिहिलेलं असतं. एबीएस असेल तर फेविक्विक, एपॉक्सी दोन्ही धरतात. पीपी म्हणजे पॉलिप्रॉपिलीन, त्याला साधा कुठलाच गोंद धरत नाही, पाण्यात टाकलं तर ते बऱ्याचदा तरंगतं त्यावरून पण ओळखता येतं. आणि आकडा बहुतेक वेळा पीओएमचा असतो, ते पांढरं किंवा काळं गुळगुळीत प्लास्टिक, घासायच्या जागी झिजू नये म्हणून वापरतात आणि त्याच गुळगुळीतपणामुळे त्याला पण गोंद धरत नाही. म्हणजे आकडाच तुटला असेल तर चिकटवण्यात वेळ घालवू नका, चार दिवसांत परत तुटणार, तो बदलाच.

एबीएसचा तडा असेल तर एक जुनी युक्ती आहे. तडा जुळवून धरा, मागच्या बाजूने खाण्याचा सोडा पसरा, त्यावर फेविक्विकचे थेंब सोडा, सेकंदात दगडासारखं होतं. मग परत सोडा, परत थेंब, असे दोन-तीन थर. धूर डोळ्यांना झोंबतो म्हणून दारं उघडी ठेवा, आणि नायट्राइलचे हातमोजे घाला (सुती नकोत) कारण ते गरम होतं. पण हा थर कडक असला तरी ठिसूळ असतो, त्यामुळे जिथे रोज झटका बसतो तिथे नुसता यावर विसंबू नका, तिथे एपॉक्सी.

आकडा झिजून टोक गोल झालं असेल तर कानसने अगदी हलकं घासून धार सरळ करा, तिरका भाग घासू नका, तो झाकण बंद होताना घसरायला लागतो. आणि मग खुंटा पुढे आणा. खुंट्याच्या स्क्रूची भोकं बऱ्याच गाड्यांत लांबट असतात, ती यासाठीच असतात, स्क्रू सैल करून 1-2 मिलिमीटर सरकवता येतो. भोकं गोल असतील तर खुंट्याखाली एक पातळ वायसर घाला.

आता माझ्या गाडीचा दोष, चिरलेला खांब. हा सगळ्यात जास्त सापडतो असं माझं मत झालंय, चारपैकी दोन गाड्यांत हेच. स्क्रू जास्त आवळला गेला, किंवा बंद करताना झाकण आपटत राहिलं, की खांब उभा चिरतो आणि स्क्रू नुसता फिरतो. यात लोक जाडा स्क्रू घालतात, त्याने तडा अजून रुंदावतो. मी असं केलं. चिर ॲसिटोन न लावता नुसत्या स्पिरिटच्या बोळ्याने पुसली, ॲसिटोन एबीएस विरघळवतं म्हणून. खांबाच्या बाहेरून पातळ तांब्याची तार जवळजवळ सहा-सात वेढे घट्ट गुंडाळली, जशी पिपाला लोखंडी पट्टी असते तशी. दोन नळ्यांची सावकाश वाळणारी एपॉक्सी कालवून वेढ्यांवर आणि चिरेत भरली. स्क्रूला जरासं ग्रीस लावून तो त्याच्या जागी हलकेच घातला, म्हणजे आतले आटे आपोआप तयार होतात आणि स्क्रू एपॉक्सीला चिकटत नाही. पाच मिनिटांत वाळणारी एपॉक्सी घेऊ नका, ती उन्हात मऊ पडते. पूर्ण 24 तास हात लावला नाही. डॅशबोर्ड मे महिन्यात चटका बसेल इतका तापतो, तरी अजून तसूभर हललेलं नाही.

कडेचे रबरी ठोकळे पण बघा. झाकणाच्या कोपऱ्यात किंवा समोर डॅशबोर्डवर मटारएवढे दोन रबर असतात. ते पडले की झाकण खडखडतं आणि त्या खडखडण्यानेच आकडा झिजतो. हार्डवेअरच्या दुकानात कपाटाच्या दारांना लावायचे चिकट रबरी ठिपके मिळतात, ते चालतात, फक्त जाडी मूळ रबराएवढीच हवी. जास्त जाड लावले तर झाकण दाबून बंद करावं लागतं आणि आकड्यावर ताण येतो.

पार्ट घ्यायचाच झाला तर

दुकानात तुटलेला तुकडा सोबत न्या आणि आरसीवरचा 17 अक्षरी चेसिस नंबर फोटो काढून न्या. एकाच मॉडेलच्या आधीच्या आणि नंतरच्या गाड्यांत लॉक वेगळं असतं, नुसतं नाव सांगून चुकीचं मिळतं. आकडा आणि हँडल मिळून वेगळं विकतात का ते स्पष्ट विचारा, शोरूमला नाही म्हणाले तरी पुण्यात नाना पेठ किंवा मुंबईत कुर्ल्याला फिरलं तर जुन्या गाडीचा निघालेला पार्ट मिळतो. जुना घेताना दुकानातच आकडा दहा वेळा दाबून बघा आणि खांबांना चिरा आहेत का ते टॉर्चने बघा.

परत बसवताना

प्लास्टिकमध्ये जाणारा प्रत्येक स्क्रू आधी उलटा फिरवा, हलकासा टक् असा आवाज येऊन तो किंचित खाली बसतो, मग सुलटा आवळा. त्याने जुन्याच आट्यांत जातो, नवीन आटे कापत नाही. हे एक केलं असतं तर अर्धे खांब चिरलेच नसते. बोटांच्या जोराने घट्ट झाला की थांबा, मनगटाचा जोर नको.

बसवायचा क्रम उलटा. आधी बल्बचा कनेक्टर, मग खालच्या बिजागऱ्या अडकवा, मग भिंती आत दाबून बॉक्स वर आणा, मग दोरी. दोरी विसरली तर झाकण उघडताना धप्पकन पडतं आणि बिजागरी तुटते. पिवळ्या कनेक्टरांपैकी एखादा चुकून निघाला असेल तर तो बसवल्याशिवाय इग्निशन चालू करू नका, एअरबॅगचा दिवा लागून बसतो. निघालेला कनेक्टर बसवायला पण बॅटरी काढलेलीच हवी.

मग रिकाम्या बॉक्सवर वीस-तीस वेळा उघड-बंद करा, परत टूथपेस्ट लावून ठसा मध्यावर येतोय ते बघा, मग हलकं सामान ठेवून खराब रस्त्यावर एक चक्कर मारा. चक्कर मारताना पुढच्या सीटवर कोणाला बसवू नका. एपॉक्सी वाळेपर्यंत गाडी न्यावीच लागली तर रुंद वेल्क्रोची पट्टी लावा, साधी चिकटपट्टी नको, उन्हात तिचा गोंद वितळून डॅशबोर्डवर राहतो. आणि बॉक्समध्ये लिक्विडचं एअर फ्रेशनर आडवं ठेवू नका, ते सांडलं की प्लास्टिक मऊ पडतं.

महिन्याभराने खुंटा परत एकदा बोटाने हलवून बघा. आमच्याकडे आता आई पुढे बसली की आधी स्वतःच झाकण दाबून बघते, मग बेल्ट लावते.